चालकाला डुलकी लागली

(पोस्ट मोठी आहे, सवडीने वाचा. पण आज रात्री गाडी घेऊन निघणार असाल तर निघायच्या आधी वाचा.)

पत्रकारितेचा डिप्लोमा करून नंदुरबारात बातमीदारी सुरू केली, त्याला वीसेक वर्षं झाली. एवढ्या काळात सगळ्यात जास्त वेळा लिहिलेलं वाक्य कोणतं असं कुणी विचारलं, तर उत्तर तयार आहे. "चालकाचा वाहनावरील ताबा सुटल्याने हा अपघात झाला." आणि त्याचंच धाकटं भावंड, "चालकाला डुलकी लागल्याने..." आता तर मोबाइलला पहिला शब्द दिला की पुढचं वाक्य तोच सुचवतो.

काही वर्षांपूर्वीची गोष्ट. विसरवाडीच्या पुढे महामार्गावर पहाटे साडेपाचला पोचलो. कांद्याचा ट्रक उभ्या ट्रेलरवर मागून आदळला होता. क्लीनर जागीच गेला होता. चालकाला खरचटलं होतं फक्त. रस्त्याच्या कडेला उकिडवा बसून तो एकच वाक्य बोलत होता, "जरा डोया लागना, भाऊ." मी फोटो काढला, पोलिसांकडून नाव-गाव घेतलं, बातमी पाठवली. सहा ओळींची. घरी आलो आणि दुपारी बारापर्यंत झोपलो.

संध्याकाळी एक हवालदार चहा पिताना सहज म्हणाला, "तो ड्रायव्हर तीन दिवस गाडीवरच होता म्हणे. माल उतरवायचा, दुसरा भरायचा, पुन्हा निघायचं."

हे बातमीत नव्हतं. कारण मी विचारलंच नव्हतं. चालक दारू प्यायलेला होता का, हे विचारलं होतं. लायसन्स होतं का, हेही विचारलं होतं. "शेवटचा कधी झोपला होतास?" हा प्रश्न मला सुचलाच नाही. तुम्हालाही बहुधा सुचला नसता. झोप ही ज्याची त्याची खासगी बाब, असं आपण धरून चालतो. कामावर डुलकी घेणारा तो आळशी, आणि रात्र रात्र जागणारा तो कष्टाळू.

पण जुने दाखले चाळले तेव्हा लक्षात आलं की कामगाराने झोपायचं कधी, हा आपल्या महाराष्ट्रात चांगला १४० वर्षांपासूनचा सार्वजनिक प्रश्न आहे. आणि तो मांडणारा माणूस आमच्याच धंद्यातला होता.

नारायण मेघाजी लोखंडे. 'दीनबंधु' या पत्राचे संपादक, महात्मा फुल्यांचे सहकारी. सप्टेंबर १८८४ मध्ये त्यांनी मुंबईच्या गिरणी कामगारांच्या सभा घेतल्या आणि साडेपाच हजारांवर कामगारांच्या सह्यांचं मागणीपत्र तयार केलं. रविवारची सुट्टी मागितली, हे शाळेत शिकलोय आपण. त्या पत्रातल्या बाकीच्या मागण्या बघा. दुपारी अर्धा तास विश्रांती. आणि काम सकाळी साडेसहाला सुरू होऊन सूर्य मावळताना थांबावं.

सूर्य मावळताना! ही मागणी वाचून मी थबकलो. वेतनवाढीचा तो अर्ज नव्हता. अंधार पडल्यावर माणसाला घरी जाऊ द्या, एवढंच म्हणणं होतं. १० जून १८९० रोजी गिरणीमालकांनी रविवारची सुट्टी मान्य केली. सूर्यास्ताचं मात्र उलटंच झालं. पुढे गिरण्यांत विजेचे दिवे आले आणि १९०५ च्या सुमारास काही गिरण्या दिवसाला १४-१५ तास चालू लागल्या. तोपर्यंत मालक कितीही लोभी असला तरी अंधार पडला की त्याचा हात थांबायचा. दिव्याने ती अडचण दूर केली.

मग सुरू झाली तासांची घासाघीस. १९११ च्या कायद्याने कापड गिरण्यांत पुरुषांना दिवसाला जास्तीत जास्त १२ तास. १९२२ ला ११ तास. १९३४ ला १०. आणि १९४८ च्या कारखाने कायद्याने आठवड्याला ४८ तासांची मर्यादा. म्हणजे लोखंड्यांच्या सभेपासून ४८ तासांपर्यंत यायला ६४ वर्षं लागली. यातला एकेक तास कुणीतरी भांडून मिळवलाय. आपण त्याला "कामाचे तास कमी झाले" म्हणतो. कामगाराच्या घरी त्याचा अर्थ "झोपेचे तास वाढले" असाच होता.

आता गिरणीतून रेल्वेकडे येऊ, कारण आपल्या भागात यंत्र आलं ते रेल्वेच्या रूपाने.

१९०० च्या सुमारास ताप्ती व्हॅली रेल्वे सुरतेकडून नंदुरबारला आली आणि पुढे अमळनेरला जोडली गेली. गावात पहिल्यांदाच असं काहीतरी आलं जे रात्री झोपत नव्हतं. स्टेशन मास्तर, पॉइंट्समन, फाटकवाला, ड्रायव्हर, फायरमन यांची रात्र आता टाइमटेबलवर ठरू लागली. रेल्वे कर्मचाऱ्यांच्या तासांचे नियम १९३०-३१ मध्ये आले. सलग कामवाल्यांना आठवड्याला ६० तास, आणि ज्यांचं काम अधूनमधून असतं असं सरकारने ठरवलं त्यांना तब्बल ८४. फाटकावरचा माणूस दोन गाड्यांच्या मध्ये "रिकामा" असतो, असा हिशेब. पण गाडी कधी येईल या धास्तीत बसलेला माणूस रिकामा असतो का? रात्री दोनला त्याला झोपायची परवानगी थोडीच होती.

या हिशेबाला हात घातला तो मुंबई हायकोर्टाचे न्यायमूर्ती राजाध्यक्ष यांनी. रेल्वे कामगारांच्या तंट्यात ते लवाद होते आणि १९४७ मध्ये त्यांचा निवाडा आला. फार ताणाच्या कामाला ४५ तास, सलग कामाला ५४, अधूनमधूनच्या कामाला ७५. दोन गाड्यांच्या मध्ये नुसतं बसून राहणं आणि डोक्यावर सतत ताण असणं, या दोन्ही कामांचं वजन वेगळं असतं, हे कागदावर आलं.

तरी इंजिन चालवणारे त्यातून नीट सुटले नाहीत. गाडी कुठे अडकेल, किती उशीर होईल, याचा नेम नाही. ड्युटी १४ तासांची होते, १६ तासांची होते. १९७३ च्या ऑगस्टमध्ये लोको कर्मचाऱ्यांनी संप केला, तेव्हा सरकारने १० तासांची ड्युटी तत्त्वतः मान्य केली. अंमलबजावणी रखडली. आणि ८ मे १९७४ ला जॉर्ज फर्नांडिस यांच्या नेतृत्वाखाली देशभर जो रेल्वे संप झाला, ज्याच्या आठवणी भुसावळच्या जुन्या रेल्वे वसाहतीत आजही निघतात, त्याच्या मागण्यांत बोनस आणि पगाराबरोबर ड्युटीचे तासही होते. वीस दिवसांत संप मोडला. हजारो लोक तुरुंगात गेले, नोकऱ्या गेल्या. तेव्हाच्या वर्तमानपत्रांनी "देश वेठीला" असं लिहिलं. इंजिनवरचा माणूस झोप मागत होता, हे मथळ्यात फार आलं नाही.

तारीख लक्षात ठेवा, ८ मे. बरोबर ४६ वर्षांनी, ८ मे २०२० च्या पहाटे, जालन्याहून भुसावळकडे पायी निघालेले मध्य प्रदेशचे मजूर करमाडजवळ रुळांवर झोपले. लॉकडाउन होतं, गाड्या बंद आहेत असं त्यांना वाटलं होतं. मालगाडी आली. १६ जण गेले. रुळांवर विखुरलेल्या भाकरी-पोळ्यांचे फोटो तुम्ही पाहिले आहेत. त्या वेळी कितीतरी जणांनी विचारलं, "रुळावर कुणी झोपतं का?" मीही मनात विचारलं होतं, खोटं कशाला बोलू. रात्रभर तीस-चाळीस किलोमीटर चाललेलं शरीर जागा निवडत नाही, जिथे बसलं तिथे झोपतं. झोपेपुढे कुणाचीच इच्छाशक्ती टिकत नाही. भूक तरी काही दिवस मारता येते.

आता रस्ता. आपला खरा विषय.

१९३९ च्या मोटार वाहन कायद्यात चालकाच्या तासांचं कलम होतं. सलग ५ तासांपेक्षा जास्त गाडी चालवायची नाही, मध्ये अर्धा तास विश्रांती, दिवसाला ९ तास, आठवड्याला ५४. लक्षात घ्या, १९३९! तेव्हा नंदुरबार-शहादा रस्त्यावर दिवसाला किती मोटारी जात असतील? पुढे १९६१ चा मोटार वाहतूक कामगार कायदा आला. दिवसाला ८ तास, आठवड्याला ४८. लांब पल्ल्याला किंवा सणासुदीला जास्तीत जास्त १०. आणि त्यातली सर्वात मोलाची ओळ अशी की एका दिवसाची ड्युटी संपून दुसरी सुरू होईपर्यंत सलग ९ तास विश्रांती हवीच.

कायदा चांगला होता. पण तो लागू कुणाला? ५ किंवा त्याहून अधिक कामगार असलेल्या वाहतूक संस्थेला. आपल्या रस्त्यावरचा ट्रक बघा. एक मालक, एक ट्रक, कर्जाचे हप्ते. कधी मालकच चालक. कुठला ५ चा आकडा? सध्याची नवी श्रम संहिता, जी नोव्हेंबर २०२५ पासून लागू झाली आणि जिच्यात हा १९६१ चा कायदा विलीन झाला, तिच्यात हा आकडा १० आहे. म्हणजे चाळणीची भोकं आणखी मोठी झाली.

एसटीची गोष्ट इथे सांगायला हवी. आमच्या पिढीतल्या खेड्यातल्या प्रत्येकाला मुक्कामी गाडी आठवत असेल. संध्याकाळी शेवटची गाडी गावात यायची आणि सकाळी पहिली होऊन निघायची. रात्री ड्रायव्हर-कंडक्टर गाडीतच नाहीतर देवळाच्या ओट्यावर झोपायचे. डास असायचे, सोयी काही नव्हत्या. गावातलं कुणीतरी तांब्याभर पाणी आणि गोधडी आणून द्यायचं. पण गाडी रात्री थांबणार, ड्रायव्हर रात्री झोपणार, हे सगळ्या गावाला मान्य होतं. ड्रायव्हरच्या झोपेवर आपली सकाळची गाडी अवलंबून आहे, हे म्हातारीलाही कळायचं.

आता? संध्याकाळी मोबाइलवरून वस्तू मागवली की उद्या दारात हवी. रात्री सुरतेत बसलं की सकाळी घरी उतरायचं आहे. मधला कोंडाईबारीचा घाट कुणीतरी रात्री तीनला जागा राहून उतरवणार आहे, याचा विचार पडदा ओढून झोपलेल्या प्रवाशाला नसतो. २१ ऑक्टोबर २०२० च्या पहाटे मलकापूरहून सुरतला निघालेली खासगी बस याच घाटात दरीत गेली. ५ जण गेले, तीसहून अधिक जखमी झाले.

पहाटेच का? याला कारण आहे, आणि त्यात नशिबाचा संबंध नाही. आपल्या शरीरात घड्याळ आहे. ते कसं चालतं हे शोधणाऱ्या तीन अमेरिकन शास्त्रज्ञांना २०१७ चं नोबेल मिळालं. हे घड्याळ रात्री २ ते ५ च्या दरम्यान शरीराला सगळ्यात खाली नेतं. दुसरा छोटा उतार दुपारी जेवणानंतरचा. तुम्ही कितीही अनुभवी असा, हे दोन उतार चुकत नाहीत. त्यात आपल्याकडचा उन्हाळा धरा. रात्री गाडी चालवलेला माणूस मे महिन्यात ४३ अंशांत ट्रकच्या केबिनमध्ये दिवसा झोपणार कसा? ऑक्टोबर २०२५ पासून बनणाऱ्या नव्या ट्रकना एसी केबिन सक्तीची झाली, हे चांगलं झालं. जुन्या गाड्या मात्र अजून बरीच वर्षं पळतील.

ऑस्ट्रेलियातल्या दोन संशोधकांनी १९९७ मध्ये एक साधा प्रयोग मांडला. माणूस सलग १७ तास जागा राहिला की त्याचे हात-डोळे, रक्तात ०.०५ टक्के दारू असलेल्या माणसाइतके मंद होतात. २४ तास जागला तर साधारण ०.१० टक्के. आता आपला कायदा बघा. १०० मिलिलिटर रक्तात ३० मिलिग्रॅम दारू, म्हणजे ०.०३ टक्के, ही मर्यादा. ओलांडली तर गुन्हा. म्हणजे सकाळी सहाला उठून दिवसभर काम करून रात्री अकरानंतर लग्नाहून गाडी चालवत परतणारा आपला निर्व्यसनी मित्र, त्या मोजणीने, मर्यादेच्या पलीकडे गेलेला असतो. त्याला मात्र कुठल्याच नाक्यावर कुणी फुंकायला लावत नाही.

आणि डुलकी म्हणजे मान खाली पडणं एवढंच नाही. डोळे उघडे असतानाही मेंदू तीन-चार सेकंद बंद पडतो. ताशी ८० किलोमीटर वेगाने ४ सेकंदांत गाडी जवळपास ९० मीटर जाते. तेवढे ९० मीटर गाडी कुणीच चालवत नसतं.

विमानातही हेच होतं. २२ मे २०१० ला दुबईहून आलेलं विमान मंगळूरला धावपट्टीपलीकडे दरीत गेलं, १५८ जण गेले. चौकशीत कॉकपिटच्या रेकॉर्डिंगवर कॅप्टनच्या घोरण्याचा आवाज मिळाला. दीड तासाहून अधिक तो झोपला होता आणि उठल्यावर मेंदू पुरता जागा व्हायच्या आत उतरण्याचे निर्णय त्याला घ्यावे लागले. वैमानिकांच्या विश्रांतीचे नियम नंतर कडक होत गेले. आठवड्याची विश्रांती ३६ वरून ४८ तासांवर नेली, तेव्हा डिसेंबर २०२५ मध्ये देशातल्या सर्वात मोठ्या विमान कंपनीला हजारो उड्डाणं रद्द करावी लागली आणि नियमाला तात्पुरती सूट मिळाली. टीव्हीवर आठवडाभर तोच विषय होता. वैमानिकाची झोप निदान चर्चेत तरी आली. ऊसतोड मजुराची कधी येणार?

आपल्या अक्कलकुवा, धडगाव, तळोदा भागातून दरवर्षी दिवाळीनंतर कोयता टोळ्या गुजरातेत बारडोली-सुरत पट्ट्यात जातात. होळीला परततात. यान ब्रेमन या डच समाजशास्त्रज्ञाने १९७० च्या दशकातच बारडोलीच्या साखर कारखान्यांसाठी ऊस तोडणाऱ्या खान्देशी मजुरांवर लिहिलं आहे. तोड दिवसा, पण गाडी भरायला केव्हा येईल ते कारखान्याच्या नंबरावर. रात्री एकला आली तर एकला उठायचं. बाई पहाटे उठून भाकरी टाकणार, म्हणजे तिची झोप नवऱ्यापेक्षाही कमी. आणि त्याच उसाची ट्रॅक्टर-ट्रॉली, मागे लाल दिवा नसलेली, पेंगुळलेल्या चालकासह रात्री रस्त्यावर. मागून येणाराही पेंगुळलेला. हंगामात अशी बातमी आम्ही किती वेळा देतो, तुम्ही वाचताच.

इथवर झोप मिळत नाही त्यांची गोष्ट झाली. दुसरा एक गट आहे ज्यांना वेळ मिळतो, ते आठ तास आडवेही होतात, पण झोप होत नाही.

माझा मामा. तीस वर्षं ट्रक चालवला. घोरायचा इतका की लग्नघरात त्याला गच्चीवर झोपवायचे. आम्ही पोरं हसायचो, "मामा ट्रॅक्टर चालू करून झोपला." दिवसा मात्र बोलता बोलता डोळा लागायचा. मालकाने "झोपाळू" म्हणून काढलं, दुसऱ्यानेही काढलं. दोनदा गाडी रस्त्याखाली गेली, नशिबाने कुणाला लागलं नाही. वयाच्या ५८ व्या वर्षी, ब्लडप्रेशरसाठी दाखवायला गेला असताना एका डॉक्टरने विचारलं, "रात्री घोरता का? झोपेत श्वास अडकतो का?" मामी म्हणाली, "अडकतो ना, मी हलवून उठवते." तिला वाटायचं वाईट स्वप्न पडतं.

याला स्लीप ॲप्निया म्हणतात. झोपेत घशाचे स्नायू सैल पडतात, श्वासाची वाट बंद होते, रक्तातला ऑक्सिजन उतरतो, मेंदू घाबरून माणसाला क्षणभर जागं करतो. माणसाला ते आठवतही नाही. आजार जास्त असेल तर हे रात्रीत शेकडो वेळा होतं. सकाळी डोकं जड, दिवसभर पेंग. मुंबईच्या हिंदुजा रुग्णालयात डॉ. झरीर उदवाडिया आणि सहकाऱ्यांनी केलेला अभ्यास २००४ मध्ये प्रसिद्ध झाला. ३५ ते ६५ वयाच्या पुरुषांत दर शंभरामागे सात ते आठ जणांना हा त्रास, दिवसाच्या पेंगेसकट, आढळला. एसटीच्या एका भरलेल्या गाडीत असे दोन-तीन पुरुष सहज निघतील. त्यातला एक स्टिअरिंगवर असला तर?

उपचार आहे. १९८१ मध्ये ऑस्ट्रेलियाच्या डॉ. कॉलिन सलिव्हन यांनी नाकावर मास्क लावून हवेच्या दाबाने वाट उघडी ठेवणारं यंत्र पुढे आणलं. वजन कमी करणं, कुशीवर झोपणं, रात्रीची दारू सोडणं यानेही बऱ्याच जणांना फरक पडतो. पण आधी आजार आहे हे कळायला हवं. लायसन्सच्या अर्जात आपण स्वतः लिहून देतो की मला फिट येत नाही, अचानक शुद्ध हरपत नाही. घोरणं, दिवसाची पेंग याबद्दल तिथे एकही प्रश्न नाही.

मामाने यंत्र लावलं. महिनाभराने म्हणाला, "तीस वर्षं मी स्वतःला आळशी समजत होतो रे." मी त्याच्यावर हसलेल्या सगळ्या रात्री मला तेव्हा आठवल्या.

शेवटचं एक उदाहरण, कारण ते माझ्या धंद्याशी थेट भिडतं. १ जुलै २०२३ ला मध्यरात्रीनंतर समृद्धी महामार्गावर सिंदखेडराजाजवळ नागपूरहून पुण्याला जाणाऱ्या खासगी बसला आग लागली. २५ जण जळून गेले. चालकाने आधी टायर फुटल्याचं सांगितलं. परिवहन विभागाच्या अहवालाने ते नाकारलं आणि डुलकीची चर्चा सुरू झाली. मग रक्ताच्या तपासणीत दारू आढळल्याची बातमी आली आणि सगळं तिथे थांबलं. मला त्या चालकाची बाजू घ्यायची नाही. पण बघा, टायर तपासता येतो, रक्तातली दारू तपासता येते, झोपेची कमतरता मात्र रक्तात सापडत नाही. अपघात झाला की भीतीने माणूस टक्क जागा होतो, पुरावा तिथेच संपतो. ती शोधायची तर एकच मार्ग उरतो, गेल्या तीन दिवसांत तो कुठे होता, किती तास चालवलं, कुठे झोपला, हे विचारायचं. ते विचारलं की मग मालक, ठेकेदार, वेळेचा करार, पार्किंगला जागा नसणं, हे सगळं बाहेर यायला लागतं. "डुलकी लागली" या दोन शब्दांत ते सगळं झाकलं जातं. आणि झाकणारे आम्ही.

आपल्या सातपुड्यात अस्तंब्याचं शिखर आहे. दिवाळीत हजारो लोक रात्रभर डोंगर चढून अश्वत्थाम्याच्या दर्शनाला जातात. महाभारतात झोपलेल्यांना मारणारा हाच, आणि त्या पापासाठी विश्रांती न मिळता भटकत राहण्याचा शाप मिळालेलाही हाच. जखमेला तेल मागत तो अजून डोंगरात हिंडतो, असं आमच्याकडचे म्हातारे सांगतात. जुन्या लोकांनी झोपलेल्याला मारणं हे सर्वात मोठं पाप धरलं, आणि झोप न मिळणं ही सर्वात मोठी शिक्षा. २०२५ च्या ऑक्टोबरमध्ये याच यात्रेहून परतणारी पिकअप चांदशैली घाटात उलटली आणि किमान सहा भाविक गेले. त्या अपघाताला झोपच कारण होती असं मी म्हणत नाही. पण रात्रभर जागलेल्या भाविकांना घेऊन ज्या गाड्या सकाळी घाट उतरतात, त्यांचे चालक आदल्या रात्री कुठे झोपले होते, हे यात्रेच्या नियोजनात कुठेतरी लिहिलेलं असायला हवं की नको?

मी माझ्यापुरतं ठरवलंय. यापुढे अपघाताच्या प्रत्येक बातमीत एक ओळ जास्तीची असेल. चालक किती तास गाडीवर होता आणि शेवटचा कधी झोपला होता. माहिती मिळाली नाही तर "पोलिसांकडे याची नोंद नाही" असं लिहीन. जिल्ह्यातल्या बाकीच्या बातमीदार मित्रांनाही विनंती आहे. पंचनामा लिहिणाऱ्या पोलीस बांधवांनाही. लग्नाची, यात्रेची गाडी ठरवणाऱ्यांनो, भाड्याची घासाघीस करा, पण ड्रायव्हरला जेवणासोबत चार तास झोपायला खाट द्या. आणि घरातलं कुणी घोरत असेल, झोपेत श्वास अडकत असेल, तर हसू नका, डॉक्टरकडे न्या.

गाडी चालवताना डोळे जड झाले तर गाणी, तंबाखू, खिडकीतला वारा यांचा उपयोग नाही. गाडी सुरक्षित जागी बाजूला लावा, पंधरा-वीस मिनिटं झोपा. उशीर होईल. होऊ द्या.

तो विसरवाडीचा चालक आता कुठे असेल, माहीत नाही. केसचं पुढे काय झालं, तेही मी कधी विचारलं नाही. त्याचं नाव मी छापलं होतं, चूक छापली होती. त्याची तीन दिवसांची जाग छापायची राहिली. ती आज इथे लिहिली.